घोगऱ्या आवाजाची आद्रियाना वारेला टँगोची मोठी गायिका आहे का?

नीरगाठ

आद्रियाना वारेलाबद्दल एकच आक्षेप मी पुन्हा पुन्हा ऐकते: बाईला आवाज नाही. गळा घोगरा, वरच्या पट्टीत जायची तयारी नाही, ओळ गायची सोडून बोलून टाकते. मला हा आक्षेप मुळातच पटत नाही, म्हणून हा धागा.

तिची ओळख नसलेल्यांसाठी थोडक्यात. जन्म १९५२, आवेयानेदा. अर्जेंटिनाची राजधानी बुएनोस आयरेसच्या दक्षिणेला, रियाचुएलो नदीपलीकडची ही कारखान्यांची वस्ती. व्यवसायाने स्पीच थेरपिस्ट. ओढा रॉककडे. १९८८ साली फेर्नांदो सोलानासचा 'सुर' हा चित्रपट आला. हुकूमशाहीच्या अखेरीस तुरुंगातून सुटलेला माणूस रात्रभर आपल्या जुन्या वस्तीत फिरतो, आणि त्या रात्रीत टँगोगायक रोबेर्तो गोयेनेचे भेटतो, गातो. गोयेनेचे तेव्हा साठी ओलांडलेला, गळा पार खरवडलेला. ते ऐकून वारेला टँगोकडे वळली. बुएनोस आयरेसच्या पालेर्मो भागातल्या काफे ओमेरोत ती गाऊ लागली, खुद्द गोयेनेचेने तिला ऐकलं आणि तो तिच्या पाठीशी उभा राहिला. पहिला अल्बम १९९१ साली, म्हणजे चाळिशीच्या उंबरठ्यावर.

आता मुद्दा. टँगोत खाली बान्दोनिओन (अ‍ॅकॉर्डियनसारखं भात्याचं वाद्य) आणि पियानो ठेका घट्ट धरून असतात. त्यावर ओळ कुठे टाकायची, किती रेंगाळायचं, कुठला शब्द उशिरा सोडायचा आणि तरी समेला कसं पोचायचं, यात गायकाची सगळी अक्कल दिसते. वारेला हे ज्या ताकदीने करते तसं करणारे आज फार थोडे आहेत. १९९५ साली तिने एन्रिके कादीकामोच्या गीतांचा अख्खा अल्बम केला. कादीकामो १९०० सालचा, तेव्हा हयात होता. त्या गीतांतली उद्ध्वस्त माणसं तिच्या तोंडी जुनी वाटत नाहीत, काल रात्री भेटलेली वाटतात. याहून जास्त काय हवं आहे?

पायपेटी

सूर हवा आहे. आणि दम.

गोयेनेचेचा उल्लेख तुम्हीच केलात म्हणून सांगतो. हा माणूस सावेद्रा वस्तीतला, सुरुवातीला बस चालवायचा. १९५२ मध्ये ओरासिओ सालगानच्या वाद्यवृंदात गेला, १९५६ मध्ये आनिबाल त्रोइलोकडे. ती दहा-अकरा वर्षं ऐका. गोल, भरदार आवाज, एका श्वासात लांबच लांब ओळ, आणि कुठेही सूर हललेला नाही. पुढे त्रोइलोनेच त्याला स्वतंत्र गायला प्रोत्साहन दिलं. गळा खरवडला तो त्यानंतरच्या काळात. म्हणजे म्हातारपणी तो जे अर्धं गात होता आणि अर्धं बोलत होता, त्यामागे पुरं गाऊन झालेला गायक उभा होता. ऐकणाऱ्यांना तो आठवत होता, म्हणून ती मोकळी जागा भरून निघायची.

वारेलाने सुरुवातच त्याच्या शेवटापासून केली. ज्याच्याकडे होतं आणि गेलं, त्याची तुटलेली ओळ मला हलवते. जिथे सुरुवातीपासूनच तुटलेलं आहे तिथे मला फक्त शैली ऐकू येते.

सातारकर_जुने

कुमार गंधर्वांचं उदाहरण विसरलात का सगळे? क्षयाने एक फुप्फुस निकामी झालं, काही वर्षं गाणं बंद. देवासला अंथरुणावर पडून आजूबाजूचं लोकसंगीत ऐकलं, आणि परत गायला लागले तेव्हा छोट्या छोट्या तुकड्यांची, अचानक झेपावणारी वेगळीच गायकी घेऊन आले. लांब दम नाही म्हणून कुणी त्यांना कमी लेखतं का? मर्यादेतून शैली घडते, हे मराठी माणसाला तरी समजावून सांगायला नको.

पायपेटी

काका, तुमचा आदर राखून म्हणतो, कुमार माझ्याच बाजूचे आहेत. लहान वयात थक्क करणारं गाणं, मग देवधर मास्तरांकडची तालीम, आणि आजार त्यानंतर. शिवाय परत आल्यावरचा त्यांचा सूर ऐका. दम तोकडा असेल, सूर सुरीसारखा आहे. मी वारेलाकडे दम नंतर मागेन, आधी सूर मागतो आहे.

नीरगाठ

ती बेसूर आहे हे मला अजिबात मान्य नाही. खर्जात गाणारी, हवा मिसळलेला आवाज असलेली बाई सुरात असते तेव्हासुद्धा आपल्या कानाला ती पुसट वाटते, कारण आपल्याला धारदार सुराची सवय आहे.

आणि 'शेवटापासून सुरुवात' म्हणताना तुम्ही एक गोष्ट वगळता. त्रोइलोच्या काळातलं गोयेनेचेचं गाणं मीही ऐकलं आहे. ठेक्याशी लपंडाव तिथेही आहे, शब्दाला वजन देणं तिथेही आहे. आवाज पुढे बदलला, ओळ टाकायची पद्धत तीच राहिली, म्हातारपणी फक्त जास्त उघडी पडली. वारेलाने उचललं ते हे. तुटका गळा उचलायला कुणाच्या पाठिंब्याची गरज नसते. दुसऱ्यांचं बोलणं नीट करण्याचा व्यवसाय केलेली बाई स्वर-व्यंजनांकडे गायकांपेक्षा बारकाईने बघत असणार, आणि ते तिच्या प्रत्येक ओळीत ऐकू येतं असं माझं मत आहे.

तिसरी घंटा

या चर्चेत एक गोष्ट कुणी बोलत नाहीये. टँगोची गीतं बहुतेक पुरुषांनी लिहिली, पुरुषाच्या तोंडी. सोडून गेलेली ती, दारूच्या गुत्त्यात रडणारा तो. १९२०-३०च्या दशकांत असुसेना मायसानी पुरुषी गाउचो (गुराख्याच्या) वेषात रंगमंचावर उभी राहायची. तीता मेरेयो तर सरळ बोलून, ठसक्यात, भांडल्यासारखी गायची, आणि तिच्याही गाण्याला 'गाणं' म्हणावं का असा प्रश्न होताच. गोड, तरुण, स्वच्छ आवाज नसेल तर बाईने आधी खुलासा द्यायचा.

गोयेनेचेचा गळा फाटला तर त्या गळ्यावर गाणं लिहिलं जातं. काचो कास्तान्याने लिहिलेलं 'गार्गान्ता कोन आरेना', म्हणजे वाळूभरला गळा. आणि हेच गाणं लोकांच्या ओठी बसलं ते वारेलाने गायल्यावर! त्याच्या वाळूचं कौतुक तिच्या वाळूतून ऐकायचं, आणि वर म्हणायचं की हिला आवाज नाही. मला हे फार लागतं.

पायपेटी

बाई म्हणून मी कुणाला वेगळी फूटपट्टी लावत नाही. नेली ओमार घ्या. जन्म १९११. २०११ साली, वयाची शंभरी गाठल्यावर तिने बुएनोस आयरेसच्या लूना पार्कमध्ये जाहीर कार्यक्रम केला. त्या वयात थरथर आहे, तरी शब्दाचा कणा ताठ आणि सूर जागेवर. लिदिया बोर्दा तर वारेलाहून बरीच लहान. ती आवाज न चढवता, एकही ओळ न ओरबाडता तीच जुनी गीतं गाते आणि काटा येतो. माझी तक्रार घोगरेपणाबद्दल कमी आहे, त्या घोगरेपणाभोवती उभ्या केलेल्या गल्लीबोळाच्या देखाव्याबद्दल जास्त आहे. पर्यटकांना जो टँगो हवा असतो, धुरकट, रात्रीचा, जखमी, तो या आवाजात आयता मिळतो.

तिसरी घंटा

पर्यटकांचा मुद्दा तिच्या माथी मारू नका. टँगोच्या मोठ्या नृत्यप्रयोगाने १९८३ मध्ये पॅरिस आणि १९८५ मध्ये ब्रॉडवे गाजवलं, तेव्हा तिने टँगो गायला सुरुवातही केली नव्हती. त्या लाटेत नाच जगभर गेला. बोलीभाषेतले शब्द चघळत गाणारी बाई परदेशी पर्यटकाला कळणार किती? ती तिच्या शहराशी बोलते.

पूर्वरंग

मी टँगो नाचतो, बार्सिलोनाला असतो. मिलोंगात, म्हणजे टँगोच्या नाचाच्या बैठकीत, वारेला कधीच लागत नाही. लागतात ती साधारण १९३५ ते १९५५ मधली ध्वनिमुद्रणं. त्या काळात गायक वाद्यवृंदातलं एक वाद्य असायचा. आधी वाद्यवृंद सगळी चाल वाजवणार, मग मध्येच गायक येणार, एक कडवं आणि ध्रुवपद गाऊन बाजूला होणार. ठेका कुणाहीसाठी थांबणार नाही. फियोरेंतिनो त्रोइलोबरोबर गातो तेव्हा पाय आपोआप उचलले जातात. वारेला ओळ इतकी मागे खेचते की पाय टाकायचा कुठे तेच कळत नाही. मला वाटतं टँगोतून नाच काढला की कणाच निघून जातो. मग ती कविता वाचनासारखी छान गोष्ट असेल, पण टँगोची मोठी गायिका म्हणायला मी कचरेन.

सातारकर_जुने

मग कार्लोस गार्देललाही वगळा. १९१७ साली त्याने पहिलं टँगोगीत गायलं तिथून गायलेल्या टँगोची परंपरा धरतात. गिटारींच्या साथीने गायचा. तुमच्या मिलोंगात गार्देल लावतात का?

पूर्वरंग

नाही लावत. गार्देल ऐकायचा, नाचायचा नाही, असंच सगळे मानतात. मुद्दा पोचला, पण गार्देलच्या गाण्यात ठेका हरवत नाही, एवढं म्हणेन.

नीरगाठ

ठेक्यावरूनच पुढे. १९९९ चा तिचा अल्बम कितीजणांनी ऐकला आहे? हाइमे रोस या उरुग्वेच्या संगीतकाराबरोबर केलेला. ला प्लाता नदीच्या एका काठाला बुएनोस आयरेस, दुसऱ्या काठाला मोन्तेविदेओ, आणि टँगो दोघांचा. २००९ मध्ये युनेस्कोने मानवतेच्या अमूर्त सांस्कृतिक वारशात नोंद केली तीही दोन्ही देशांच्या नावाने. मोन्तेविदेओच्या कृष्णवर्णीय वस्त्यांतला कान्दोम्बेचा ढोल, मुर्गाची समूहगाणी, हे सगळं या अल्बमच्या पोटात आहे. गोयेनेचे जाऊन तेव्हा पाच वर्षं झाली होती. त्याची सावली अंगावर घेऊन बसायचं असतं तर तिला बुएनोस आयरेसमध्ये तेच ते गाऊन आयुष्य काढता आलं असतं. ती नदी ओलांडून गेली. आपल्याकडे एखादं नाव झाल्यावर असा घाट किती गायक घालतात? माझ्या लेखी हा तिच्या कारकिर्दीतला सगळ्यात धाडसी निर्णय आहे आणि त्याची चर्चा जवळजवळ होतच नाही.

पायपेटी

तो अल्बम मला आवडतो, आणि का आवडतो तेही सांगतो. कान्दोम्बेचे ढोल तिला रेंगाळू देत नाहीत. तिथे ती वेळेवर येते, आणि वेळेवर आली की तिचा आवाज मला एकदम खरा वाटतो, दुखरा पण खंबीर. म्हणजे तिला ते जमतं. मग इतर ठिकाणी प्रत्येक ओळीला तोच उशीर, तोच उसासा का? गोयेनेचे एका गाण्यात दोन जागी थांबायचा आणि त्या दोन जागा जन्मभर लक्षात राहायच्या. सगळीकडेच थांबलं की थांबण्याला अर्थ राहत नाही.

तिसरी घंटा

आता तुम्ही 'आवाज नाही'वरून 'आवाज आहे पण उशीर फार'वर आलात. या मुद्द्यावर वाद घालायला मी आनंदाने तयार आहे. कादीकामोच्या अल्बमबद्दल पण हेच म्हणाल?

पायपेटी

निम्म्या गाण्यांबद्दल हो. उरलेली निम्मी मी अजून ऐकतो. सुराबद्दलचं माझं म्हणणं मात्र मी मागे घेतलेलं नाही.