चर्चा: जगबुडीनंतरच्या चित्रपटांत खरं वजन कुणाचं, नायकाचं की खलनायकाचं?

रणवाट (धागाकर्ता)

जग बुडाल्यानंतरच्या मारधाडपटांवर बोलायला बसलं की गाडी नायकापाशी अडते. माझं मत उलटं आहे. नायक कसाही असला तरी चालून जातं. खलनायक पोट कशावर भरतो, माणसं कशाच्या जोरावर पोसतो, हे दिग्दर्शकाने ठरवलेलं नसेल तर पुढचा दोन तासांचा पाठलाग कोरडा जातो.

२०१५चा 'मॅड मॅक्स: फ्युरी रोड' घ्या. त्यातला खलनायक इम्मॉर्टन जो खोल जमिनीतलं पाणी उपसतो, कड्याच्या माथ्यावर भाजीपाला पिकवतो, आणि बायकांना यंत्रांना जोडून त्यांचं दूध काढतो. हा माल देऊन गॅस टाउनकडून पेट्रोल घ्यायचं, बुलेट फार्मकडून गोळ्या. जोचं धरून तीन ठाणी, आणि एकाचंही दुसऱ्यावाचून भागत नाही. म्हणूनच जोची सरदार फ्युरिओसा वॉर रिग हा चिलखती टँकर घेऊन निघते तेव्हा कुणाला संशय येत नाही, कारण ती पेट्रोल आणायच्या नेहमीच्या फेरीवर निघालेली असते. पळायची वाट जोच्या व्यापारातूनच फुटते. तिने रस्ता सोडला की तिन्ही ठाण्यांच्या फौजा मागे लागतात, आणि गॅस टाउनचा मुख्य पीपल ईटर भर पाठलागात नुकसानीचा पाढा वाचत बसतो.

पाणी सोडण्याचा प्रसंग नीट बघा. जो दांडा ओढतो, एवढ्या उंचीवरून लोट कोसळतो, आणि खालच्या गर्दीची भांडी भरायच्या आत बंद होतो. बरंचसं पाणी वाळूत जिरतं. लोकांना खरंच पाणी द्यायचं असतं तर खाली एक हौद आणि चार तोट्या पुरल्या असत्या. पाणी वाया घालवणं हाच त्याच्या सत्तेचा देखावा आहे. हे एका दृश्यात कळतं, संवादांतून सांगावं लागत नाही.

याउलट १९९५चा 'वॉटरवर्ल्ड'. खलनायक डीकनची टोळी 'एक्सॉन व्हाल्डिझ' या तेलवाहू जहाजावर राहते आणि पाण्यावर इंजिनं उधळत फिरते. कच्चं तेल वर्षानुवर्षं टिकेल, पण तयार पेट्रोल साधं ठेवलं तर वर्षभरात बिघडतं. हलका भाग उडून जातो, उरलेल्यात चिकट राळ धरते आणि कार्बुरेटरच्या जेटमध्ये अडकते. म्हणजे तेल गाळायची भट्टी सतत चालू हवी. चित्रपट तिकडे फारसं बघत नाही, त्यामुळे डीकन नुसता आरडाओरडा करणारा माणूस वाटतो.

गिअरबॉक्स

साफ असहमत. कारभार समजला म्हणून कुणी जीव मुठीत धरून बसत नाही. नायकाचे हात काय करतात यावर हे चित्रपट उभे आहेत.

१९८१च्या 'मॅड मॅक्स २'च्या सुरुवातीलाच नायक मॅक्स उलटलेल्या गाडीतून गळणारं पेट्रोल मिळेल त्या भांड्यात धरतो आणि सांडलेलं फडक्याने टिपून घेतो. त्याने स्वतःच्या गाडीच्या टाकीखाली स्फोटक लावून ठेवलंय, तेल चोरायला जाईल तो उडेल. जायरो कॅप्टन या छोट्या उडत्या यंत्राच्या चालकावर तो रोखून धरतो ती बंदूक रिकामी असते. या माणसाबद्दल एकही वाक्य न बोलता आपल्याला सगळं कळतं.

'फ्युरी रोड'मध्येही तेच. मॅक्स वॉर रिग बळकावून एकटाच निघतो आणि थोड्याच अंतरावर इंजिन मरतं. फ्युरिओसाने इंजिन तोडणारी बटणं बसवली आहेत, आणि ती कुठल्या क्रमाने दाबायची ते तिलाच ठाऊक. त्याला तिला गाडीत घ्यावंच लागतं. दोघांची युती भाषणाने जुळत नाही, बटणांच्या क्रमाने जुळते. पुढे इंजिनला आग लागते तेव्हा पुढचा नांगर जमिनीत घालून वाळू उडवली जाते आणि आग विझते. यात जोचा कारभार कुठे आला?

रणवाट

@गिअरबॉक्स, पेट्रोल फडक्याने टिपायची पाळी का येते? टंचाई आहे म्हणून. आणि टंचाईला चेहरा खलनायकच देतो. वॉर रिगवर ती बटणं का बसवली? कारण तो माल पळवण्याजोगा आहे आणि पळवणारे वाटेवर टपलेले आहेत. तुमची सगळी उदाहरणं माझ्याच बाजूची आहेत.

उभाआडवा

तुम्ही दोघं खलनायक एकाच जातीचा धरून चालला आहात. अर्थशास्त्रज्ञ मॅन्कर ओल्सन यांनी १९९३ साली फिरता लुटारू आणि ठाण मांडलेला लुटारू असा फरक मांडला. फिरता लुटारू सगळं ओरबाडून पुढे जातो. ठाण मांडलेल्याला उद्याही वसूल करायचं असतं, म्हणून तो थोडं शिल्लक ठेवतो आणि इतर लुटारूंना दूर ठेवतो. पेंढारी आणि वतनदार यांतला फरक माहीत असलेल्याला हे लगेच पटेल.

'मॅड मॅक्स २'मधला टोळीप्रमुख ह्युमंगस फिरता. त्याला तेलविहिरीचं कुंपण हवंय, पण विहीर चालवायची कशी याचा विचार त्याच्या टोळीत कुणी केलेला दिसत नाही. वेढा घालून ते दिवसभर गाड्या पळवतात, म्हणजे ज्यासाठी आले तेच जाळतात. इम्मॉर्टन जो ठाण मांडलेला.

म्हणूनच मला २०२४च्या 'फ्युरिओसा'मधला डिमेन्टस सर्वांत भारी वाटतो. तो फिरता असतो, कपटाने गॅस टाउन घेतो, आणि तिथेच फसतो. ठाणं जिंकणं जमलं, चालवणं जमलं नाही. अन्नपाणी वाढवून मागत राहतो, हाताखालचं ठाणं मोडकळीला येतं. लुटारूचा राज्यकर्ता होताना तो कुठे मोडतो, हे इतकं सविस्तर दुसऱ्या कुठल्या मारधाडपटात मी पाहिलेलं नाही.

गिअरबॉक्स

डिमेन्टसचं पटलं. पण कारभाराचा इतका आग्रह धरायचा तर गाड्यांचाही धरा. मॅक्सच्या काळ्या फोर्ड फाल्कनच्या बॉनेटवरचा सुपरचार्जर, म्हणजे इंजिनात हवा दाबून भरणारं यंत्र, तो बटण ओढून चालू-बंद करतो. या जातीचा खरा सुपरचार्जर (रूट्स ब्लोअर) इंजिनच्या मुख्य दांड्याच्या पट्ट्यावर कायम फिरतो, मनात येईल तेव्हा थांबत नाही. चित्रीकरणातला तर नुसता शोभेचा होता. शिवाय साध्या भट्टीत गाळलेल्या पेट्रोलचा ऑक्टेन, म्हणजे दाब सोसायची ताकद, इतका कमी की हवा दाबून भरणाऱ्या इंजिनात ते वेळेआधीच पेटेल आणि पिस्टनला भोक पाडेल. तरी ती गाडी आपल्याला खरी वाटते, कारण नायक ती जिवापाड सांभाळतो. खरेपणा हिशोबातून येतो असं नाही.

सावलीकाठ

एक मुद्दा सगळ्यांनी टाळलाय: शरीर. या प्रकारात खलनायक ओळखू यावा म्हणून त्याला गळवं, मुखवटा, सुजलेले पाय देतात. आजार म्हणजे दुष्टपणा हे समीकरण जुनं आणि अन्यायाचं आहे. 'फ्युरी रोड'ही त्यातून सुटत नाही. पण तो एक गोष्ट वेगळी करतो. फ्युरिओसाचा एक हात यांत्रिक आहे आणि त्यावर चित्रपट एक शब्द खर्च करत नाही. ती नेमबाजीत मॅक्सच्या पुढे आहे. मोठ्या रायफलीत मोजक्या गोळ्या उरल्यात, मॅक्सचा नेम चुकतो, मग तो रायफल तिच्या हाती देतो आणि ती त्याच्याच खांद्यावर नळी टेकवते. नायकाने टेकू व्हायचं कबूल करणं, हे मला या प्रकारातलं सर्वांत मोठं पाऊल वाटतं.

जोबद्दल एवढंच: ह्यू कीज-बर्न यांचा अर्धा चेहरा झाकलेला असतानाही भीती बसते, ती डोळ्यांमुळे. याच नटाने १९७९च्या पहिल्या भागात टोकटर या खलनायकाची भूमिका केली होती. त्यांचा जन्म श्रीनगरचा, १९४७चा.

नेमका

पाठलाग कळतो कारण तो दिसतो. छायाचित्रकार जॉन सील यांनी महत्त्वाची गोष्ट चौकटीच्या मधोमध ठेवली, म्हणून संकलक मार्गारेट सिक्सल यांचे इतके भराभर कट डोळ्यांना झेपतात. आणि गाड्यांवरून माणूस ओळखू येतो. जोची गाडी म्हणजे एकावर एक चढवलेल्या दोन कॅडिलॅक, बुलेट फार्मचा मुख्य बुलेट फार्मर, त्याची रणगाड्याच्या पट्ट्यांवर. धुळीतही कोण आला ते कळतं. नायक-खलनायक वादाइतकंच हेही मोजा.

उभाआडवा

@रणवाट, पाण्याचा नळ पुरत नाही. 'द बुक ऑफ एली'मध्ये (२०१०) खलनायक कार्नेगीकडे पाण्याचे झरे आहेत, बंदूकवाले आहेत, तरी तो एका ग्रंथासाठी माणसं मारवतो. लोकांनी आपणहून मान तुकवावी म्हणून त्याला शब्द हवेत. जोच्या तरण्या सैनिकांनाही वल्हाल्ला या मरणानंतरच्या स्वर्गाचं आमिष लागतंच. तुमच्या हिशोबात श्रद्धेचा रकाना नाही.

रणवाट

श्रद्धेचं मान्य, तो रकाना हवाच. पण नायक वरचढ हे अजूनही मान्य नाही. 'मॅड मॅक्स २'चा शेवट आठवा. मॅक्स जिवावर उदार होऊन टँकर हाकतो, टँकर उलटतो आणि आतून वाळू ओघळते. खरं पेट्रोल तेलविहिरीच्या वस्तीवाल्यांनी दुसऱ्या गाड्यांतून पिंपांत भरून नेलेलं असतं. नायकाला आमिष म्हणून वापरलं, सांगितलंसुद्धा नाही. हा डाव जमतो कारण ह्युमंगस टँकरच्याच मागे लागणार हे वस्तीला पक्कं माहीत होतं. सगळी योजना खलनायकाच्या स्वभावावर बेतलेली आहे.

गिअरबॉक्स

आणि टँकर इतक्या लांबवर नेणारा दुसरा कुणी वस्तीत नव्हता, हेही त्याच योजनेत आहे.

तुमच्याच मोजपट्टीने 'फ्युरी रोड'चा शेवट मोजून बघा. जो, पीपल ईटर, बुलेट फार्मर, तिघंही मेले. वर दूधवाल्या बायका पाणी मोकळं सोडतात आणि मॅक्स गर्दीत निघून जातो. ठाणं चालवणं हे त्याचं काम नाही, म्हणून त्याचं जाणं बरोबरच आहे. फ्युरिओसाने मात्र पेट्रोलच्या फेऱ्या केल्या आहेत, कुठला माल कुठे जातो ते तिला पाठ आहे. उरलेल्या दोन ठाण्यांशी बोलणी तीच करू शकते.

रणवाट

बोलणी करायला तिकडे कुणी शिल्लक असेल तर! गॅस टाउनची भट्टी बंद पडली की उपसा पंप किती दिवस चालतील, तेवढीच तिच्या हातात मुदत. आधी त्या तोट्या बंद करून खाली हौद बांधायला हवा.