जीपवरच्या तोफेनं पॅटन कसा फुटला?

परवा बीडहून नगरला जाऊन रणगाडा म्युझियम बघितलं, ते जाड पोलाद बघून डोकंच चालंना, १९६५ च्या लढाईत पंजाबातल्या असल उत्तर गावाला आपल्या हवालदार अब्दुल हमीदनी जीपवरल्या १०६ मिमी तोफेनं पाकिस्तानचे पॅटन रणगाडे कसे फोडले असतील राव?

> गोळ्यात तांब्याचं नरसाळं असतंय भाऊ, दारू उडाली की त्याची बारीक धार होऊन पोलादात घुसती. वितळवत नाही बरं का, लई जण तसंच सांगायलेत. गोळ्याला वेग लई लागत नाही अन् गॅस मागून निघतो म्हणून जीपला धक्का बसत नाही.

>> पण मागचा जाळ-धुरळा लगेच दिसतंय, गोळा टाकला की जागा बदलायची. तिथं लपायला ऊस होता, शिवाय शेतात पाणी सोडलेलं, आपल्या काळ्या रानात ट्रॅक्टर फसतोय तसे पॅटन फसले

>>> हाव, अन् आपले सेंच्युरियन रणगाडे विसरू नका