इंदूरमध्ये लघुपटाचं शूटिंग: डिझेल आणि कचरा कमी कसा करायचा?

रामबाग_फिल्म्स

जाणकारांचा सल्ला हवा आहे. डिसेंबरमध्ये मराठी लघुपटाचं सहा दिवसांचं शूटिंग आहे. पाच दिवस जुनी इंदूर भागातल्या एका लाकडी खांबांच्या वाड्यात आणि एक दिवस पाताळपाणीजवळ. युनिट ३५ माणसांचं. डीओपींची (छायाचित्रकारांची) दिव्यांची यादी अशी: एक ४ किलोवॅटचा एचएमआय (दिवसाच्या प्रकाशासारखा मोठा दिवा), दोन २ किलोवॅटचे टंगस्टन दिवे, चार १ किलोवॅटचे पार (एका दिशेने झोत टाकणारे दिवे). लाईट मुंबईहून टेम्पोने यायचे आहेत आणि लाईन प्रोड्युसर १२५ केव्हीएची जनरेटर व्हॅन सांगतायत.

पाण्याच्या बाटल्या बंद करायचं ठरलंय, पण एवढ्याने काय होतं ते कळत नाही. मोजून सांगता येईल असा फरक नेमका कुठे पडतो? शहर स्वच्छतेत पहिलं येतं आणि आपण वाड्यात थर्माकोलचा चुरा सोडून यायचं, हे मनाला पटत नाही. बजेट बेताचं आहे, त्यामुळे कशाने पैसे वाचतील आणि कशाने वाढतील तेही सांगा.

गॅफर_इंदूर

दादा, आधी जनरेटरचं बघा. बाटल्या डोळ्यांना दिसतात म्हणून सगळे त्यांच्याच मागे लागतात. हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओंच्या गटाने २०२१ मध्ये आकडे प्रसिद्ध केले होते. मोठ्या चित्रपटामागे सरासरी ३,३७० टन कार्बन (म्हणजे कार्बन डायऑक्साइड) आणि त्यातला जवळपास निम्मा इंधनाचा. आपलं काम छोटं आहे, पण पहिला घाव तिथेच घालायचा.

तुमची यादी जोडली तर १२ किलोवॅट होते. १२५ केव्हीएचा सेट १०० किलोवॅटचा. म्हणजे सगळे दिवे एकदम लावले तरी तो १२ टक्क्यांवर चालणार. डिझेल इंजिन ३० टक्क्यांच्या खाली तासन्‌तास चालवलं की सिलिंडर पुरेसा तापत नाही, अर्धवट जळलेलं इंधन एक्झॉस्टमध्ये काळ्या चिकट थराच्या रूपाने साठतं आणि विजेच्या दर युनिटमागे डिझेल दुपटीने लागतं. नीट लोड असलेला सेट लिटरमागे सव्वातीन युनिटच्या आसपास देतो. असा रिकामा चाललेला सेट दीड युनिट दिला तरी खूप.

आता यादी बदला. एक १२०० वॅटचा एलईडी (लाईनवरून साधारण १,४५० वॅट ओढतो), दोन ६०० वॅटचे (प्रत्येकी ७२०), चार ट्यूब मिळून ४००, मॉनिटर आणि चार्जर मिळून ८००. बेरीज साडेचार किलोवॅटच्या आत येते. सगळे दिवे सतत लागत नाहीत, म्हणून सरासरी ३ धरा. १२ तासांचे ३६ युनिट. ग्रिडच्या विजेला युनिटमागे साधारण ०.७ किलो कार्बन धरला तर दिवसाला २५ किलो. तीच व्हॅन तासाला पाच लिटर प्यायली तर ६० लिटर, लिटरमागे २.६८ किलोने १६० किलो.

म्हणून तात्पुरतं थ्री फेज कनेक्शन घ्या. पश्चिम क्षेत्र वीज कंपनीच्या झोन ऑफिसात लोड लिहून अर्ज द्यायचा आणि तारखेच्या बऱ्याच आधी द्यायचा. वाड्याच्या घरगुती मीटरवर शूटिंग चालवू नका. वीज कायद्याच्या १२६ कलमाखाली तो अनधिकृत वापर ठरतो आणि दंड घरमालकाच्या बिलावर येतो. शिवाय जुन्या वाड्यांमध्ये ॲल्युमिनियमची वायरिंग आणि ५ अँपियरचे सॉकेट असतात. बिलावरचा ‘स्वीकृत भार’ वाचलात तर अंदाज येईल.

केबलवर पैसे वाचवू नका. २.५ चौरस मिमी तांब्याची केबल ५० मीटर टाकली आणि तीवर १६ अँपियर घेतले तर १२ व्होल्ट वाटेतच जातात. ६ चौरस मिमी घेतली तर पाचच्या आसपास. केबल गुंडाळीत ठेवून लोड देऊ नका, आतली वेटोळी तापून इन्सुलेशन वितळतं. लोड तिन्ही फेजवर सारखा वाटा. पण स्वस्त एलईडीमध्ये पॉवर फॅक्टर सुधारणारं सर्किट नसतं, आणि त्यांचे हार्मोनिक (विजेच्या मूळ लहरीत मिसळणाऱ्या जास्तीच्या लहरी) तिन्ही फेजमधून येऊन न्यूट्रलमध्ये एकत्र जमतात. तेव्हा न्यूट्रलची तार फेजपेक्षा बारीक कधीच नको, आणि क्लॅम्प मीटर न्यूट्रलवर लावून बघा.

सर्वांत जास्त ट्रिप दिव्यांमुळे होत नाही. कपडेपटाची स्टीम इस्त्री (दीड-दोन किलोवॅट) आणि मेकअपचा ड्रायर एकाच वेळी सुरू होतात, आणि ऐन टेकमध्ये एमसीबी (लोड वाढला की आपोआप पडणारा स्विच) पडतो. त्यांना वेगळा फेज द्या आणि इस्त्रीचं काम कॉलटाइमच्या (युनिटच्या हजेरीच्या वेळेच्या) आधी उरका.

एक खरं सांगतो. भर दुपारी चौकात सिल्कमागून (प्रकाश मऊ करणाऱ्या कापडामागून) जो जोर ४ केडब्ल्यू एचएमआय देतो, तो १२०० चा एलईडी देणार नाही. डीओपींशी आधीच बोला. चौकातले सीन ऊन भिंतीवर तिरपं पडतं त्या वेळेला लावले तर दिव्याची गरज बाउन्सवर (पांढऱ्या फळीवरून परतवलेल्या प्रकाशावर) भागते. शेड्युल तसं लावण्यात पहिल्या एडींचं (मुख्य सहायक दिग्दर्शकांचं) कसब आहे.

रामबाग_फिल्म्स

फार उपयोगी! वीज गेली तर? आणि लाईट मुंबईचेच हवेत असा डीओपींचा आग्रह आहे.

गॅफर_इंदूर

बॅकअपला ७.५ किंवा १० केव्हीएचा सायलेंट सेट पुरे. बंद ठेवायचा, गरज पडली तरच चालू. एक २ किलोवॅट-तासाचं लिथियम आयर्न फॉस्फेट पॉवर स्टेशन (मोठी उचलून नेता येणारी बॅटरी) भाड्याने घ्या. इन्व्हर्टरचं नुकसान वजा जाता ७२० वॅटचा दिवा त्यावर सव्वादोन तास चालतो. वीज गेल्यावर चालू टेक त्यावर पुरा होतो. पाताळपाणीला तर जनरेटर नेऊच नका. दोन पॉवर स्टेशन, रिफ्लेक्टर आणि व्ही-माउंट (कॅमेऱ्याला, दिव्याला लागणाऱ्या) बॅटऱ्या, बस. बॅटऱ्या बंद गाडीत उन्हात ठेवू नका.

मुंबई-इंदूर जवळपास ५८५ किलोमीटर आहे. टेम्पोने लिटरला सात किलोमीटर दिले तरी जाऊन-येऊन १६५ लिटरच्या पुढे जातं, म्हणजे साडेचारशे किलो कार्बन. वाड्यातल्या पाच दिवसांच्या सगळ्या ग्रिडच्या विजेच्या साडेतीनपट. हे दिवे इंदूरमध्ये भाड्याने मिळतात. खास लेन्सच मुंबईची हवी असेल तर असिस्टंट ती अवंतिका एक्सप्रेसने सोबत घेऊन येईल.

कलादिग्दर्शन_अनुभव

वर विजेचं सगळं आलंय, मी आर्टचं सांगते.

थर्माकोलच्या बाउन्सऐवजी ८ बाय ४ च्या फ्रेमवर कापड ताणा. कोरी मांजरपाट प्रकाशाला उबदार पिवळसर छटा देते, चेहऱ्यावर छान दिसते पण सगळ्या शॉटमध्ये तीच ठेवा. पांढरं हवं असेल तर ब्लीच केलेली मांजरपाट घ्या. मात्र तिला नीळ किंवा पांढरेपणाची पावडर लावलेली नको, निळीची निळसर छटा येते, पावडर दिवसाच्या प्रकाशातल्या अतिनील किरणांनी निळसर चमकते आणि त्वचेचा रंग बिघडतो. थर्माकोल कापला की गोळ्या चौकातल्या मोरीत जातात, त्या कुणीही गोळा करू शकत नाही.

वाड्याच्या भिंती चुन्याच्या असतील तर त्यांना प्लास्टिक इमल्शन लावायचं नाही. चुना श्वास घेतो. वरून रंगाचा पापुद्रा चढला की आतली ओल अडकते आणि पावसाळ्यानंतर पोपडे सुटतात. रंग बदलायचा असेल तर समोर फ्लॅट (खोट्या भिंती) उभे करा: २ बाय १ इंचाची चौकट, वर ६ मिमी प्लाय किंवा ताणलेलं कापड, जोड सगळे स्क्रूने. खिळे ठोकलेला प्लाय उतरवताना फाटतो आणि भंगारात जातो, स्क्रूचा पुढच्या कामाला येतो. प्लाय जाळू तर मुळीच नका, त्यातल्या डिंकातून फॉर्मल्डिहाइड सुटतं. सागाच्या खांबांना खिळा नको, दोरी बांधा. गॅफर टेप लावायचीच असेल तर आधी कागदी टेप आणि तिच्यावर गॅफर. नाहीतर दिव्याच्या उष्णतेने गोंद पाझरतो आणि काढताना जुना रंग सोबत घेऊन येतो.

वॉलपेपर मैद्याच्या खळीने चिकटवा. खळीत मोरचूद घातली असेल तर तो कागद ओल्या कचऱ्यात नको.

पीओपीबद्दल इंदूरमध्ये विशेष काळजी घ्या. इथला ओला कचरा देवगुराडियाच्या बायो-सीएनजी प्रकल्पात जातो. २०२२ मध्ये सुरू झाला तेव्हा हा प्रकल्प रोज ५५० टन क्षमतेचा होता. पीओपीमधलं जिप्सम तिथल्या हवाबंद टाकीत गेलं तर जिवाणू त्यातल्या सल्फेटचा हायड्रोजन सल्फाइड करतात, तो विषारी आणि यंत्रं गंजवणारा वायू आहे. पीओपीचे तुकडे बांधकामाच्या राडारोड्यासोबत द्या. उरलेला पाण्यात मिसळणारा रंग मोरीत ओतण्याऐवजी लाकडाच्या भुश्श्यात सुकवून घातक कचऱ्यात टाका.

प्रॉडक्शन_ताई

जेवण आणि कचरा माझ्याकडून.

पाणी: डिसेंबरात माणशी ३ लिटर धरा, म्हणजे १०५ लिटर, २० लिटरचे सहा जार. अर्ध्या लिटरच्या बाटल्या घेतल्या तर त्याच पाण्याला रोज २१० बाटल्या. प्रत्येकाला नाव लिहिलेली स्टीलची बाटली द्या. स्पॉटदादांना बाटल्या भरून जागेवर नेण्याची ट्रॉली द्या, नाहीतर तहानलेला कॅमेरामन दुसऱ्या दिवशी बिस्लेरी मागवणारच. योजना इथेच फसते.

चहा: चार वेळा ३५, रोज १४० कप. कागदी कप चालतात असं समजू नका, आतून प्लास्टिकचं अस्तर असतं, ते ओल्या कचऱ्यातही चालत नाहीत. कुल्हडही भाजलेली माती आहे, कुजत नाही. ५० स्टीलचे ग्लास आणि धुण्याची तीन टपं: पहिल्यात साबण, दुसऱ्यात साधं पाणी, तिसऱ्यात कढत पाणी. ग्लास धुणाऱ्याची मजुरी बजेटमध्ये वेगळी धरा, ती स्पॉटदादांच्या माथी मारू नका.

पोहे मोठ्या परातीतून वाढा, सेव आणि जीरावण (पोह्यांवरचा मसाला) सुटं किलोने घ्या. जेवणाला पळसाच्या पत्रावळी चालतात, पण स्टीलच्या ताटांचं भाडं जमत असेल तर तेच बरं. केटररला पक्का आकडा सकाळी साडेनऊपर्यंत द्या. ‘चार जास्तीची ताटं ठेवा’ म्हणत म्हणत रोज सात-आठ किलो अन्न उरतं. उरलेलं वाटायचं असेल तर शिजवल्यापासून चार तासांच्या आत, आणि तोवर ६० अंशांच्या वर गरम.

इंदूरमध्ये कचरा सहा प्रकारांत द्यावा लागतो: ओला, सुका, प्लास्टिक, ई-कचरा, घरगुती घातक आणि सॅनिटरी. सेटवर सहा डबे नुसते ठेवले की दुपारपर्यंत सगळ्यात सगळं मिसळतं. जेवणाजवळ ओला आणि सुका एवढेच दोन ठेवा आणि पहिले दोन दिवस तिथे एक माणूस उभा करा. मेकअप रूममध्ये सॅनिटरी, साउंडच्या टेबलावर सेलचा डबा. गाडी सकाळी येते आणि पॅकअप रात्री होतो, म्हणून भागातल्या महापालिकेच्या सफाई दरोग्याशी आधीच बोलून ठेवा. महापालिकेच्या इंदौर ३११ ॲपवरही सांगता येतं.

लेपल माइकसाठी रिचार्जेबल सेल वापरा, पण ट्रान्समीटरच्या मेनूत सेलचा प्रकार बदला. रिचार्जेबल सेल १.२ व्होल्टचा असतो. अल्कलाइनच्या सेटिंगवर मीटर ‘संपत आला’ दाखवतो आणि साउंडवाले चांगले सेल काढून टाकतात.

पावसाचा सीन आहे का? असेल तर आधी सांगा. इथलं नळाचं पाणी ७० किलोमीटरवरच्या जलूदहून नर्मदेतून चढवून येतं, टँकरभर पाणी म्हणजे बरीच वीज. महापालिकेने २०२३ मध्ये २४४ कोटींचे ग्रीन बॉण्ड काढले ते याच पंपांच्या सौर विजेसाठी.

रामबाग_फिल्म्स

एक सीन आहे, रात्रीचा, खिडकीबाहेर पाऊस.

गॅफर_इंदूर

मग टँकर कशाला? खिडकीच्या वर छिद्रांचा पाइप, खाली ताडपत्रीची घडी करून पन्हळ, पन्हळीतून ड्रममध्ये, ड्रममधून अर्ध्या एचपीच्या पंपाने परत वर. २०० लिटरमध्ये सीन होतो. पंपाच्या तोंडाला जाळी लावा, पाला अडकला की धार तुटते. दिवा पावसाच्या मागे ठेवा, समोरून टाकला तर थेंब दिसतच नाहीत आणि मग लोक पाणी वाढवत बसतात. पंपाला ३० मिलीअँपियरचा आरसीसीबी (शॉक लागण्याआधी वीज तोडणारा स्विच) लावल्याशिवाय चालू करू नका. पंपाचा आवाज ट्रॅकवर येईल, संवाद वेगळे घ्या.

प्रॉडक्शन_ताई

आणि पहिल्या दिवसापासून प्रॉडक्शन रिपोर्टच्या खाली पाच रकाने वाढवा: मीटर रीडिंग, डिझेलचे लिटर, गाड्यांचे किलोमीटर, जेवणाची ताटं, कचऱ्याचे किलो. बाफ्ताचा (ब्रिटिश चित्रपट-टीव्ही अकादमीचा) अल्बर्ट हा शूटिंगचा कार्बन मोजणारा कॅल्क्युलेटर असेच आकडे मागतो. कॉलशीट (दुसऱ्या दिवसाच्या कामाचं वेळापत्रक) पाठवताना सकाळचं रीडिंग कुणी घ्यायचं त्याचं नावही त्यात लिहा, नाव नसलं की रीडिंग राहतंच.