फोनमधले गेम उडवताना तुमच्याकडे काय काय झालं? (अनुभव धागा)

मधलीसुट्टी

परवा दवाखान्यात नंबर लागायची वाट बघत बसले होते. शेजारच्या खुर्चीतल्या चिमुरडीने आईचा डोळा चुकवून हळूच विचारलं, "काकू, तुमच्या फोनमध्ये गेम आहे?" नाही म्हटलं. "एक पण नाही?" "एक पण नाही गं." माझ्याकडे कीव आल्यासारखं बघून ती सरळ उठली आणि पलीकडच्या काकांकडे गेली.

आणि मला ते दिवस आठवले, जेव्हा माझ्या फोनमध्ये गेम सोडून दुसरं काही मावत नव्हतं. लेक तेव्हा तिसरी-चौथीत असेल. फोन माझा, पण पहिलं पान सोडलं की पुढे सगळं त्याचं राज्य. गाड्या पळवायचे गेम, गाड्या धुवायचे गेम, मांजराला आंघोळ घालायची, मगरीचे दात काढायचे. फोन १६ जीबीचा, त्यातला मोठा घास सिस्टिमचाच. फोटो काढायला गेलं की 'स्टोरेज फुल्ल'.

शेवटी एका रविवारी साफसफाईला बसले. एकेक उडवत गेले तरी जागा काही होईना. मग तिसऱ्या पानावर 'बँक' नावाचा फोल्डर दिसला. मी तर असा काही फोल्डर केला नव्हता. उघडला तर आत सगळे गेम! चिरंजीवांनी बाबांना आधीच सांगून ठेवलं होतं म्हणे, "आई बँकेचं काही उघडायला घाबरते, तिथे ठेवले की सेफ."

मग मांडीला मांडी लावून वाटाघाटी. "हा नको ना काढू, यात माझी लाल गाडी आहे." "हा तर छोटासाच आहे." छोटासा म्हणजे स्टोअरवर ऐंशी एमबी आणि सेटिंगमध्ये बघितला तर सव्वा जीबी. शेवटी तह झाला: नवा एक घ्यायचा तर जुना एक काढायचा. तो तह तो मोठा होईपर्यंत टिकला, आता त्याचा स्वतःचा फोन आहे आणि त्यात काय आहे ते मी बघत नाही.

तुमच्याकडे गेम उडवण्यावरून काय काय रणकंदन झालं? येऊ द्या.

धांदरट

बँक फोल्डर!!! हाहाहा. पोरगं पुढे जाणार.

पाटीपेन्सिल

आमच्याकडे भाचा. ताईने त्याचा गेम काढला, तो शाळेत असताना. तिला वाटलं परत टाकला की परत येईल सगळं. गेम आला, पण पहिल्या लेव्हलपासून. त्याने 'गेस्ट' म्हणून खेळलेलं होतं ना. ओरडला नाही, रडला नाही, नुसता फोन उलटा ठेवला आणि खोलीत गेला. ताई म्हणते, त्यापेक्षा रडला असता तर बरं.

कोपऱ्यातला

@पाटीपेन्सिल, हो, गेस्टचं सगळं फोनमध्येच असतं, गेमबरोबर जातं. काढायच्या आधी गेमच्या सेटिंगमध्ये जाऊन गूगलचं किंवा ईमेलचं खातं जोडायचं, मग प्रगती त्यांच्या सर्व्हरवर राहते. सगळ्याच गेमना ही सोय नसते, छोट्या गेमना तर बहुतेकदा नसतेच. मुलांना विचारून काढा एवढंच.

@मधलीसुट्टी, ऐंशी एमबीचे सव्वा जीबी होतात कारण बरेच गेम आधी फक्त सांगाडा उतरवतात. पहिल्यांदा उघडला की मग नकाशे, आवाज, चित्रं असं सगळं आत ओढून घेतात. म्हणून स्टोअरवरच्या आकड्यावर जायचं नाही, सेटिंग्ज, अ‍ॅप्स, मग त्या गेमचं स्टोरेज, तिथे खरा आकडा दिसतो.

उंटावरची

आमच्या सासूबाईंची गोष्ट ऐका. त्यांनी गेमचा आयकॉन दाबून धरून वर 'रिमूव्ह'वर नेऊन सोडला. गेला. खूश. अशा रीतीने त्यांनी महिनाभर "साफसफाई" केली. फोन तरी भरलेलाच. मला म्हणाल्या, "अगं, मी सगळे काढले, हा फोनच चोर आहे." बघितलं तर सगळे गेम आतल्या यादीत सुखरूप, फक्त पुढच्या पानावरून गेलेले. 'रिमूव्ह' वेगळं आणि 'अनइन्स्टॉल' वेगळं हे समजावलं तर म्हणतात, मग दोन्ही शेजारी शेजारी ठेवलं कशाला? यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. कोणाकडे असेल तर सांगा, त्या अजून विचारतात.

टिंबटिंब

सासूबाईंना +१. रास्त प्रश्न आहे.

आळसोबा

आमच्या वेळी बरं होतं. १९९७ च्या नोकिया ६११० मध्ये साप होता. तो काढता येत नव्हता, वाढवता येत होता. त्याची स्वतःचीच शेपटी आड यायची, स्टोरेज नाही.

धांदरट

@आळसोबा, आणि बॅटरी?

आळसोबा

बॅटरीचा विषय काढू नकोस, डोळे भरून येतात.

निळीशाई

माझा राग वेगळाच आहे. मुलांनी टाकलेले परवडले, पण फोन विकत घेतानाच आत असलेले गेम! नाव नाही घेत कंपनीचं. खोकं उघडलं, चालू केला, आणि 'तुमच्यासाठी खास' म्हणून एक फोल्डर हजर. त्यातले काही निघाले. दोन असे की अनइन्स्टॉलचं बटणच नाही, फक्त 'डिसेबल'. आणि ज्या फोल्डरमधून निघाले तो उघडला की खाली नवीन गेमच्या शिफारशी. एकदा चुकून बोट लागलं की उतरायला सुरुवात.

कोपऱ्यातला

@निळीशाई, जे सिस्टिमच्या भागात बसवलेले असतात ते वापरणाऱ्याला काढता येत नाहीत. डिसेबल केलं की त्याची अपडेट आणि साठवलेला डेटा जातो, मूळ प्रत तिथेच राहते. म्हणजे थोडी जागा मिळते, सगळी नाही. पण तो चालत नाही, नोटिफिकेशन पाठवत नाही, यादीत दिसत नाही. तेवढं तरी समाधान. त्या फोल्डरच्याच सेटिंगमध्ये शिफारशी बंद करायचं बटण असतं बऱ्याच फोनमध्ये, फोल्डरच्या नावावर टॅप करून बघा.

निळीशाई

सापडलं!! इतकी वर्षं कुठे होतात हो तुम्ही.

रिकामटेकडी

मी परीक्षेच्या आदल्या आठवड्यात सगळे काढते आणि शेवटचा पेपर झाला की गाडीत बसल्या बसल्या परत टाकते. दर सेमिस्टरला. मोठा गेम असेल तर आतलं सगळं परत उतरवायला रात्र जाते. आई म्हणते नुसतं न खेळणं जमत नाही का. नाही जमत ना, म्हणून तर.

उंटावरची

@रिकामटेकडी, परीक्षा कधी आहे तुझी? धाग्यावर काय करतेस?

रिकामटेकडी

गेम काढलेत ना ताई, मग वेळ कुठे घालवू 😄

गवतफुला

लिहू की नको कळत नाहीये. बाबा गेले त्यानंतर त्यांचा फोन माझ्याकडे आला. त्यात पत्त्यांचा एक गेम होता, एकट्याने लावायचा. रोज रात्री लावायचे. माझा भाऊ म्हणाला फोन साफ करून आईला देऊ, तिला व्हिडिओ कॉलला बरा. बाकी सगळं काढलं. तो गेम उघडला तर अर्धवट डाव तसाच, बदामची राणी वर. बाबांना नियम नीट माहीत होते पण ते परत मागे घ्यायचं बटण सर्रास वापरायचे आणि "मी नाही वापरत" म्हणायचे. आकड्यांच्या पानावर सगळं लिहिलेलं होतं, किती डाव, किती जिंकले. वाचून हसूच आलं. तो गेम काढला नाही. तसाही जेमतेम पन्नास एमबी आहे. आई कधीकधी उघडून बघते, खेळत नाही.

मधलीसुट्टी

@गवतफुला, बरं केलंत लिहिलंत. आणि बरं केलंत ठेवलात.

पाटीपेन्सिल

@गवतफुला 🙏 त्या आकड्यांच्या पानाचा स्क्रीनशॉट काढून दुसरीकडे ठेवा. फोन कधी बंद पडेल सांगता येत नाही.

गवतफुला

काढलाय. भावाला पण पाठवला. तो म्हणाला बाबा बरेच हरायचे की. 😊

सव्वाशेर

वरचे सगळे प्रतिसाद वाचले नाहीत, कोणी लिहिलं असेल तर माफ करा. एकेक आयकॉन दाबून गेम काढत बसू नका. प्ले स्टोअर उघडा, वरच्या कोपऱ्यातल्या आपल्या फोटोवर टॅप, 'मॅनेज अ‍ॅप्स अँड डिव्हाइस', मग 'मॅनेज'. तिथे यादी आकाराप्रमाणे लावता येते, किंवा 'सर्वांत कमी वापरलेले' अशीही. टिकमार्क करत जा आणि वरच्या कचरापेटीवर एकदाच बोट. मी ऑफिसातल्या सगळ्यांचे फोन असे रिकामे करून दिलेत, आता लोक मला बघून फोन लपवतात.

टिंबटिंब

ही यादी आकाराप्रमाणे लावणं म्हणजे डोळे उघडणारा प्रकार आहे. मला वाटायचं की गेम भरपूर आहेत म्हणून जागा जाते. वीसेक छोटे गेम मिळून एका मोठ्याच्या निम्मे पण नव्हते. उगाच छोट्यांवर राग काढला.

चौकोनी

आयफोनवाल्यांसाठी कोणी लिहा ना. की आम्ही बाहेर थांबू?

सव्वाशेर

या या. सेटिंग्ज, जनरल, आयफोन स्टोरेज. खाली यादी येते, मोठं आधी. गेमवर टॅप केलं की दोन पर्याय, 'ऑफलोड' आणि 'डिलीट'. ऑफलोड केलं तर गेम जातो पण त्यातला तुमचा डेटा फोनवरच राहतो, आयकॉन पण दिसत राहतो, टॅप केलं की परत उतरतो. २०१७ च्या आयओएस ११ पासून आहे हे. पण जागा जास्त करून डेटानेच खाल्ली असेल तर ऑफलोडने फार फरक पडणार नाही, मग डिलीटच.

कोपऱ्यातला

अँड्रॉइडवर पण असंच 'अर्काइव्ह' आलंय, २०२३ पासून. प्ले स्टोअरच्या सेटिंगमध्ये, जनरलमध्ये, आपोआप अर्काइव्ह करायचं बटण आहे. जागा कमी पडली की न वापरलेली अ‍ॅप तो स्वतःच गुंडाळतो, आयकॉनवर ढग दिसतो. अ‍ॅपची साधारण ६० टक्क्यांपर्यंत जागा सुटू शकते असं गूगलचं म्हणणं. फक्त तो गेम स्टोअरवर तोवर शिल्लक असला पाहिजे, नाहीतर परत उतरणार कुठून.

आळसोबा

शिल्लक असण्यावरून आठवलं. माझ्या ड्रॉवरमध्ये एक जुना फोन आहे तो फक्त फ्लॅपी बर्डसाठी. २०१४ च्या फेब्रुवारीत तो बनवणाऱ्यानेच स्टोअरवरून काढून घेतला होता, इतका गाजत असताना. ज्यांच्या फोनमध्ये होता त्यांचा चालू राहिला. बायको दर वेळी आवराआवर करताना तो फोन हातात घेते आणि माझ्याकडे बघते. मी दुसरीकडे बघतो.

धांदरट

@आळसोबा, हायस्कोर किती?

आळसोबा

हा धागा जागा मोकळी करण्याबद्दल आहे. विषयाला धरून बोला.

निळीशाई

मेले 😂😂

चौकोनी

एक महत्त्वाचं राहिलं. गेम काढला म्हणजे त्याचं सबस्क्रिप्शन बंद होत नाही! आमच्या वहिनींच्या लेकीने शब्दांच्या एका गेमचं घेतलं होतं, गेम केव्हाच काढला, पैसे कटत राहिले. त्यांना वाटायचं दुसरंच काहीतरी कटतंय. स्टोअरमध्ये जाऊन सबस्क्रिप्शनच्या यादीतून वेगळं रद्द करावं लागतं. दोन्हीकडे, आयफोन काय अँड्रॉइड काय.

उंटावरची

बापरे. बघून येते.

मधलीसुट्टी

मी पण. (काही नाही निघालं, हुश्श.)

रिकामटेकडी

खरं सांगू का, गेम बिचारे उगाच बदनाम आहेत. घरी सगळ्यांचे फोन बघितले, जागा खाल्लेली व्हॉट्सअ‍ॅपने. एकच व्हिडिओ आत्या, मामा आणि सोसायटीच्या ग्रुपवर. व्हॉट्सअ‍ॅपच्या सेटिंगमध्ये 'मॅनेज स्टोरेज' आहे, त्यात ५ एमबीपेक्षा मोठ्या फायली वेगळ्या दिसतात आणि खूपदा फॉरवर्ड झालेल्या वेगळ्या. बाबांनी स्वतःहून गेम काढले होते, "अभ्यास कर" म्हणून मला धडा. आणि व्हिडिओ मात्र सोळा जीबी!

सव्वाशेर

बाबांना धागा पाठव.

रिकामटेकडी

नको, फॉरवर्ड करतील.

पाटीपेन्सिल

अवांतर: कॅश साफ करणं आणि डेटा साफ करणं यात फरक काय? दोन्ही बटणं शेजारी आहेत, भाच्याच्या फोनला हात लावायची भीती वाटते आता.

कोपऱ्यातला

कॅश म्हणजे गेमने तात्पुरत्या साठवलेल्या फायली. ती उडवली तर चालते, गेम लागेल तशी परत बनवतो. 'क्लिअर डेटा' किंवा 'क्लिअर स्टोरेज' म्हणजे गेम नुकताच टाकल्यासारखा कोरा. भाचा परत खोलीत जाईल. कॅशवरच थांबा.

गवतफुला

मला एक विचारायचंय. आईच्या फोनवर, म्हणजे बाबांच्याच, बाकी सगळे गेम काढले तरी गेमच्या जाहिराती येतात. काही उघडलेलं नसताना अख्ख्या स्क्रीनवर. ती घाबरते, फोन उलटा करून ठेवते.

कोपऱ्यातला

गेम नाही, दुसरं कुठलं तरी अ‍ॅप दाखवतंय. जाहिरात आली की लगेच खालचं चौकोनी बटण दाबा, किंवा बोट खालून वर ओढून धरा. अलीकडची अ‍ॅप दिसतात, त्यात जाहिरात कुणाच्या नावावर आहे ते बहुतेकदा कळतं. नाही कळलं तर सेटिंगमध्ये 'डिस्प्ले ओव्हर अदर अ‍ॅप्स' शोधा, तिथे कोणाकोणाला परवानगी आहे ते बघा. आणि 'फोन क्लीनर', 'बूस्टर' असलं काही असेल तर आधी तेच काढा. जागा करून देतो म्हणतात आणि स्वतःच पसरतात. निघायला नकार दिला तर 'डिव्हाइस अ‍ॅडमिन'मध्ये त्याच्यापुढची टिक आहे का बघा, ती काढली की निघतं.

गवतफुला

सापडलं. टॉर्चचं अ‍ॅप निघालं!

उंटावरची

टॉर्चला अ‍ॅप कशाला? वरून पडदा खाली ओढला की आहे की.

गवतफुला

भावाने टाकलं होतं. त्याला आता फोन लावते.