बर्डन बोर्ड म्हणजे नक्की काय? (कालच्या पोस्टला उत्तर)

वल्हेवाला: काल कुणीतरी ठोकून दिलंय की बर्डन बोर्ड फक्त मालवाहू जहाजात असतात, छोट्या होडीत पायाखाली असतं ते फ्लोअर. डोकंच फिरलं. होडीतला फ्लोअर म्हणजे कण्यावर (तळाच्या मधोमध लांबीभर जाणाऱ्या मुख्य लाकडावर) आडवा बसवलेला, दोन्हीकडच्या बरगड्या (फळ्यांना आतून धरणारी वाकडी लाकडं) कण्याशी जखडणारा तुकडा. त्याच्यावर पाय ठेवायला ज्या सुट्या फळ्या टाकतात, ते बर्डन बोर्ड. बॉटम बोर्डही म्हणतात. त्या काढून थेट तळफळीवर उभे राहून बघा, मग कळेल वजन कुठे पडतं.

सुकाणू: 'कुणीतरी' म्हणजे मीच, नाव घ्यायला काही हरकत नव्हती. मग हेही सांगा की बरगड्यांना आतून मारलेल्या फळ्यांना सीलिंग म्हणतात आणि केबिनमधल्या जमिनीला सोल. इतका उफराटा कारभार असल्यावर साध्या माणसाने फ्लोअर म्हटलं तर कुठे आभाळ कोसळलं?

भरतीओहोटी: नाव काहीही ठेवा, पण स्क्रूने कायमच्या आवळू नका! मी घेतलेल्या जुन्या होडीत आधीच्या मालकाने तेच केलं होतं, वर झक्क वार्निश. फळ्या उचकटल्या तर खाली कुजलेला पाला, चिखल आणि बरगड्यांखालची लिंबर होलं, म्हणजे पाणी वाहून जायला ठेवलेली भोकं, ठार बुजलेली. कण्यालगतच्या फळीत स्क्रूड्रायव्हर मुठीपर्यंत आत. पावसाचं गोडं पाणी साचून राहिलं की लाकूड कुजणारच.

उलटीपालटी: सुट्या ठेवा आणि होडी कलंडली की फळ्या गोळा करत पोहा. मी पोहलोय. एक अजून सापडलेली नाही.

भरतीओहोटी: सुट्या म्हणजे मोकाट नव्हेत हो! बरगडीवर फिरती लाकडी खिट्टी लावायची. वळवली की पक्कं, पाणी उपसताना उलट वळवली की मोकळं.

उलटीपालटी: खिट्टी फुगून अडकते, ओल्या हातांनी वळत नाही. वापरली आहे का कधी, की नुसतं वाचलंय?

भरतीओहोटी: माझ्या होडीत आहे. तुमची फुगते, कारण तुम्ही तिला रंगाचा हात दिला नसणार.

वल्हेवाला: धागा शब्दाच्या अर्थाचा होता, मंडळी.

पाणकोंबडा: वार्निशचा विषय निघालाच आहे तर, पायाखालच्या फळीला वार्निश मारणाऱ्याला त्याच फळीवर ओल्या पायाने उभं करावं. रंगात बारीक वाळू मिसळा, नाहीतर कोरी सोडा.

सुकाणू: बरं, फ्लोअरच्या बाबतीत तुमचंच खरं, सत्काराची तारीख कळवा. पण माझ्या होडीत फळ्या नाहीतच, प्लायवूडचा अखंड तक्ता आहे. त्याला बर्डन बोर्ड म्हणायचं का?

वल्हेवाला: उचलता येतो का?

सुकाणू: बाकाखाली अडकतो. आधी बाक काढावं लागतं.

भरतीओहोटी: म्हणजे खाली पाला आहेच!