स्कुकुझा: गाव झालंय खरं, पण...

दक्षिण आफ्रिकेतल्या क्रुगर राष्ट्रीय उद्यानातल्या स्कुकुझा कँपाबद्दल इथे कुणीतरी लिहिलंय, "स्कुकुझात पेट्रोल पंप, बँक, गोल्फ कोर्स, जंगल कुठे उरलंय? एक रात्रही राहू नका." गर्दीचं म्हणणं बरोबरच आहे. क्रुगरचं मुख्यालयच ते, गर्दी असणारच. पण म्हणून एक रात्रही राहू नका, हे नाही पटलं. साबी नदीला लागून कँपातच पायवाट आहे. संध्याकाळी पाच वाजता तिथल्या बाकावर बसलो, तर समोरच्या उंच लव्हाळ्यांतून सात हत्ती निवांत पाण्यात उतरले. गाडीही काढावी लागली नाही. (दशम्यांचा डबा मात्र व्हरांड्यात विसरू नका. आमचा माकडाने झाकण उघडून नेला, लोणचं तेवढं ठेवलं.)

आणि कँपाजवळचा नदीवरचा जुना रेल्वेपूल कुणाच्याच बोलण्यात नाही आला. क्रुगर 1926 साली राष्ट्रीय उद्यान झालं, पण त्याआधीच, 1923 पासून, सहलीची आगगाडी इथे मुक्काम करायची. उतारू डब्यातच झोपायचे. पर्यटक प्राण्यांसाठी पैसे मोजतात हे त्या गाडीमुळे ध्यानात आलं, म्हणजे कँपाचं मूळच ते. पुढे रूळ उद्यानाबाहेरून नेले, आता पुलावर उभ्या डब्यांत हॉटेल आहे. भाडं विचारून आम्ही खालूनच फोटो काढला. नावामागेही अशीच जुनी गोष्ट आहे. 'स्कुकुझा' हे पहिले वॉर्डन स्टीव्हन्सन-हॅमिल्टन यांना स्थानिकांनी दिलेलं टोपणनाव, अर्थ साधारण 'झाडून साफ करणारा'. शिकाऱ्यांना तर त्यांनी हटवलंच, पण तिथे राहणाऱ्या माणसांनाही हलवलं होतं, त्यामुळे ते निव्वळ कौतुकाचं नसावं.