शहाद्यात राहून माहितीपट करता येतील का?

शहादेकर:
पत्रकारितेचे शिक्षण नुकतेच संपले आहे. मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ पैसे, घेऊन धडगाव-अक्कलकुव्यातून दरवर्षी बारडोलीकडे ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांवर माहितीपट करावा, असे दोन वर्षांपासून मनात आहे. माहितीपटकार आनंद पटवर्धनांचे काम पाहिल्यावर ही इच्छा पक्की झाली. मात्र घरी चार एकर कोरडवाहू शेती आहे, बहिणीचे शिक्षण चालू आहे आणि चांगला कॅमेरा परवडणारा नाही. अशा कामाची सुरुवात कशी होते आणि ते टिकते कसे?

तापीकाठ:
कॅमेऱ्याची चिंता सर्वांत शेवटी करा. पटवर्धनांनी १९७४ मध्ये बिहार आंदोलनाचे बरेचसे चित्रण उसन्या आठ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यावर केले, ते पडद्यावर दाखवून सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर पुन्हा टिपले आणि आणीबाणीत त्याच चित्रपटाचे तुकडे करून ते देशाबाहेर पाठवावे लागले. खरी कसोटी वेळेची असते. जुलै १९९७ मध्ये मुंबईतल्या रमाबाईनगरात पोलिसांचा गोळीबार होऊन दहा जण मारले गेले. त्यानंतर सुरू झालेला पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ मध्ये पूर्ण झाला. चौदा वर्षे त्याच माणसांकडे पुन्हापुन्हा जात राहिल्याशिवाय असा चित्रपट होत नाही. तेव्हा पोटासाठी लग्नाचे, बातम्यांचे चित्रीकरण अवश्य करा, त्यात कमीपणा नाही. परंतु ज्या विषयावर बोलायचे आहे, त्यात हितसंबंध असलेल्याचा पैसा त्या चित्रपटाला लावू नका.

अक्राणीची लेक:
दादा, नर्मदाकाठचे मणिबेली गाव तेव्हा धुळे जिल्ह्यात होते. सरदार सरोवराच्या पाण्याविरुद्ध तिथल्या लोकांनी दिलेला लढा ‘अ नर्मदा डायरी’त पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी १९९५ मध्ये दाखवला. आमच्या पाड्यावर मात्र नंतर तीन वेळा लोक चित्रीकरण करून गेले, कुपोषित मुलांना मांडीवर घेऊन आया त्यांच्याशी तासन्‌तास बोलल्या, आणि त्यातले एकही चित्रण त्या आयांनी आजवर पाहिलेले नाही. हे मला फार लागते. म्हणून आधी आमची बोली, पावरी, शिका. ऊसतोडीची कहाणी आई मराठीत सांगते तेव्हा चार वाक्यांत संपवते. पावरीत तीच सांगताना तिला रात्र पुरत नाही. काम पूर्ण झाले की पहिला खेळ पाड्यावर, शाळेच्या भिंतीला पांढरी चादर बांधून करा.

तापीकाठ:
ताईंचे म्हणणे मला मान्य आहे. एक राहिले: कागदपत्रे आणि मूळ चित्रण जपून ठेवा. पटवर्धनांच्या ‘वॉर अँड पीस’मध्ये सेन्सॉर मंडळाने अनेक काटछाटी सुचवल्या होत्या, मुंबई उच्च न्यायालयात जाऊन तो चित्रपट २००३ मध्ये काटछाटीविना मंजूर करून घ्यावा लागला. या कामात अशी भांडणेही वाट्याला येतात.

शहादेकर:
दोघांचे आभार. ताई, होळीला टोळ्या गावी परततात, तेव्हा मी कॅमेरा न घेता मोलगीला येईन. पावरी शिकवणारे कोणी तिथे असल्यास कृपया कळवावे.